किरण म्हणाले की किरण म्हणाल्या?

तुमच्या ओळखीत 'किरण' नावाची माणसं किती आहेत, जरा मोजून बघा. आणि त्यातले पुरुष किती, बायका किती, तेही मोजा.

माझ्या मोबाइलमध्ये ११ किरण निघाले. सहा पुरुष, पाच बायका. त्यांची नावंही मी आपल्याकडे सगळे करतात तशीच सेव्ह केलीत. किरण वायरमन, किरण अंगणवाडी, किरण सर, किरण मॅडम पतसंस्था, किरण रसवंती. नुसतं 'किरण' लिहिलं तर फोन वाजल्यावर 'बोला साहेब' म्हणायचं की 'बोला ताई' हेच कळायचं नाही.

मोठ्या माणसांचंही तसंच. १९७२ मध्ये देशातल्या पहिल्या महिला आयपीएस झालेल्या किरण बेदी. भारतीय संघाचे यष्टिरक्षक किरण मोरे. 'सात सक्कं त्रेचाळीस'वाले किरण नगरकर. २००६ साली बुकर मिळवणाऱ्या किरण देसाई. २०२१ चा मराठीचा साहित्य अकादमी पुरस्कार मिळालेले किरण गुरव. बायोकॉनच्या किरण मजुमदार-शॉ. आणि आपल्या सोलापूर जिल्ह्याची किरण नवगिरे, जिने २०२२ मध्ये नागालँडकडून खेळताना एका ट्वेंटी-ट्वेंटी सामन्यात एकटीने १६२ धावा कुटल्या. नाव एकच. त्यात बाई कोण, पुरुष कोण, हे नाव सांगत नाही.

आज या एका नावावर एवढं लिहायचं कारण गमतीचं नाही. शेवटपर्यंत वाचलंत तर कळेल. कदाचित तुमच्या घरातल्या कुणाच्या तरी कागदावर हाच घोळ बसलेला असेल.

आधी शब्दाचं बघू. किरण हा शब्द संस्कृतातला. मुळाशी 'कॄ' धातू आहे, अर्थ विखुरणं, पसरणं. विकीर्ण, प्रकीर्ण, संकीर्ण हे शब्दही त्याच घरातले. सूर्यातून जे चहूकडे पसरतं तो किरण. वेदांच्या काळी या शब्दाचा धूळ, धुळीचा बारीक कण असाही अर्थ होता. दुपारी पत्र्याच्या भोकातून उन्हाची तिरीप घरात येते आणि तिच्यात धूळ नाचताना दिसते, तेव्हा हे दोन्ही अर्थ एकाच जागी दिसतात असं मला वाटतं.

आता गंमत बघा. संस्कृतात किरण पुल्लिंगी. मराठीतही 'तो किरण'. आपण 'आशेचा किरण' म्हणतो, 'क्ष-किरण काढले' म्हणतो. पण हिंदीत गेलात की तीच किरण बाई होते, 'आशा की किरण'. म्हणजे शब्द तोच आणि अर्थही तोच, भाषेची शीव ओलांडली की लिंग बदललं. ज्या शब्दाचं लिंग शेजारच्या दोन भाषांना एकसारखं ठरवता आलं नाही, ते नाव मुलालाच ठेवायचं की मुलीला हे कोण ठरवणार? आपल्या लोकांनी ते ठरवलंच नाही. दोघांनाही ठेवलं आणि मोकळे झाले.

किरण एकटं नाही. मराठीत अशी नावं बरीच आहेत. 'दुनियादारी' लिहिणारे सुहास शिरवळकर पुरुष, आणि रंगभूमीवरच्या ज्येष्ठ अभिनेत्री सुहास जोशी. शिरीष कणेकर पुरुष, आणि मराठीत हायकू रुजवणाऱ्या कवयित्री, आचार्य अत्र्यांच्या कन्या शिरीष पै. आपल्याकडे ज्योती म्हटलं की बाई, पण बंगालचे मुख्यमंत्री ज्योती बसू. आपल्याकडे कमल म्हणजे शेजारच्या काकू, आणि तमिळनाडूत कमल हासन.

मग माणसं चालवतात कसं? शेपूट लावून. किरणताई, किरणभाऊ, किरणअण्णा, किरणवहिनी. गावात नुसत्या नावाने हाक मारतंय कोण? नावामागे नातं लागलं की प्रश्न मिटला. नांदेडला गुरुद्वाऱ्यात गेलात तर हीच रीत जास्त शिस्तीत दिसेल. शीख समाजात गुरप्रीत, मनजीत, हरप्रीत ही नावं मुलालाही असतात, मुलीलाही. पुढे सिंग आलं तर तो, कौर आलं तर ती. पहिलं नाव दोघांचं सारखं, त्यात कुणाला अडचण वाटत नाही.

आपल्या कागदांवर मात्र ही शेपटं नसतात. तिथे नाव, मधलं नाव, आडनाव. आणि मधलं नाव अजिबात मदत करत नाही, कारण आपल्याकडे मुलाच्याही मध्ये बापाचं नाव आणि मुलीच्याही मध्ये बापाचंच. लग्न झालं की नवऱ्याचं. म्हणजे 'किरण दत्तात्रय अमुक' हा दत्तात्रयचा मुलगा, मुलगी की बायको, कागद बघून ब्रह्मदेवालाही सांगता यायचं नाही. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात राज्य सरकारने आईचं नाव घालायला लावलंय. आधी मुलाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. चांगला निर्णय आहे, पण त्यानेही हा प्रश्न सुटत नाही.

आमच्या धंद्यात तर हा रोजचा प्रश्न. इंग्रजीत बातमी लिहिणाऱ्याचं बरं असतं, एक 'सेड' लिहिलं की झालं. मराठीत क्रियापद आलं की लिंग आलं. किरण म्हणाला, म्हणाली, म्हणाले, म्हणाल्या. यातलं एक निवडल्याशिवाय वाक्य पुरं होत नाही. म्हणून तालुक्याच्या पत्रकाराने शोधलेली पळवाट म्हणजे 'यांनी सांगितले'. 'किरण अमुक यांनी सांगितले' लिहा, बाई असो की पुरुष, वाक्य बरोबर. रोजच्या पेपरात हे 'यांनी सांगितले' किती वेळा येतं मोजा. त्यातलं काही आदरापोटी असतं, काही असल्या अडचणीपोटी. पण बातमी चार ओळींपेक्षा मोठी झाली की 'ते पुढे म्हणाले' की 'त्या पुढे म्हणाल्या' हे लिहावंच लागतं. तेव्हा मी फोन लावतो. पत्रकार संघाच्या शिबिरात नवीन पोरांनाही मी हेच सांगतो. एका फोनला दोन मिनिटं लागतात. अंदाज करायचा नाही.

कारण अंदाज नेहमी एकाच बाजूला जातो. सरपंच, आमदार, तहसीलदार, डॉक्टर, अध्यक्ष हे सगळे शब्दही किरणसारखेच, दोघांना चालणारे. पण नुसतं 'सरपंच किरण अमुक' वाचलं की दहातल्या आठ जणांच्या डोळ्यांपुढे मिशा येतात. खरं खोटं तुम्हीच सांगा.

आता मुद्द्यावर येतो.

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. गाव सांगत नाही, ताईंचं आडनावही सांगत नाही. ग्रामपंचायतीची निवडणूक होती. प्रभाग सर्वसाधारण स्त्रीसाठी राखीव. या ताईंनी अर्ज भरलेला. बचत गटाचं काम केलेली बाई, हिशोबाला पक्की, पाण्याच्या टाकीसाठी पंचायत समितीला चार चकरा मारलेली. निवडून येणार असं वातावरण होतं. छाननीच्या दिवशी समोरच्या पार्टीने हरकत घेतली. उमेदवार महिला नाही, मतदार यादीत पुरुष आहे.

हॉलमध्ये हशा पिकला. ताई समोर उभ्या. डोक्यावर पदर, हातात पिशवी. पण यादी काढून बघितली तर खरंच. नाव किरण. त्याखाली 'पतीचे नाव'. आणि लिंगाच्या रकान्यात 'पुरुष'. एकाच चौकटीत नवराही आहे आणि बाई पुरुषही आहे! कधीतरी कुणीतरी संगणकावर नोंद करताना नाव वाचलं, किरण म्हणजे गडी असं धरलं आणि पुढं सरकलं. वरच्या ओळीत पतीचं नाव आहे हे बघायलाही थांबलं नाही. त्याआधी दोन निवडणुकांत ताईंनी याच यादीवर मतदान केलं होतं. मतदान केंद्रावर कुणी काही म्हटलं नाही, कारण तिथे फोटो बघतात, बोटाला शाई लावतात.

हरकत घेणाऱ्याला ती बाई आहे हे पक्कं माहीत होतं. त्याच्याच भावकीतली सून होती. पण कायद्याचा कागद हातात सापडला होता, तो कशाला सोडेल? अधिकाऱ्यांनी पुरावा आणायला संध्याकाळपर्यंत वेळ दिला. आधार कार्ड काढलं तर त्यावर 'महिला' होतं. पण समोरचा वकील म्हणाला, दोन सरकारी कागद दोन तऱ्हेचं बोलतात, खरं कुठलं? मग ताईंचा धाकटा दीर मोटरसायकलवर तिच्या माहेरी गेला, जाऊन-येऊन ८० किलोमीटर, आणि शाळा सोडल्याचा दाखला घेऊन आला. दाखल्यावर गोल शिक्का होता, त्यात 'कन्या प्रशाला' अशी अक्षरं. अधिकाऱ्यांनी तो बघितला आणि हरकत फेटाळली.

ताई निवडूनही आल्या. पण त्या दिवशी दुपारभर ती बाई तहसीलच्या व्हरांड्यात बसून होती. येणारा-जाणारा बघून हसत होता. कुणीतरी मोबाइलवर फोटो काढला आणि ग्रुपवर टाकला, खाली काय लिहिलं ते इथे लिहिण्यासारखं नाही. मी शेजारी बसलो होतो. ताई मला एवढंच म्हणाल्या, "दादा, नाव बापानं हौसेनं ठेवलं हुतं. माझ्या नावाचं काय चुकलं यात?"

नावाचं काहीच चुकलं नव्हतं. नावावरून रकाना भरणाऱ्याचं चुकलं होतं. हा फरक नीट समजून घ्या, कारण त्यानंतर मला भेटलेल्या चार-पाच जणांनी 'असली नावं ठेवूच नयेत' असा शहाणपणा शिकवला.

हा शहाणपणा एका मोठ्या देशाने सरकारी पातळीवर करून बघितला आहे, आणि तिथल्या कोर्टाने तो मोडून काढलाय. योगायोग म्हणजे ते प्रकरण याच नावाचं आहे. जर्मनीत मुलाचं नाव असं असावं की त्यावरून मुलगा की मुलगी कळावं, असा नोंदणी कार्यालयांचा शिरस्ता होता. कळत नसेल तर जोडीला कळणारं दुसरं नाव लावा. भारतीय मुळं असलेल्या एका कुटुंबाने आपल्या मुलीचं नाव 'किरण' ठेवलं. कार्यालय म्हणालं, या नावावरून मुलगी आहे हे समजत नाही. आई-वडील ऐकले नाहीत, प्रकरण थेट तिथल्या घटना न्यायालयात गेलं. ५ डिसेंबर २००८ रोजी न्यायालयाने निकाल दिला. नावावरून लिंग कळलंच पाहिजे असं कायदा कुठेही म्हणत नाही. नाव निवडणं हा आई-बापाचा हक्क. नावाने लेकराचं अहित होत असेल तरच त्याला आडकाठी करता येते.

म्हणजे कर्लस्रुऽच्या कोर्टात आपलं किरण जिंकलं. आपल्याकडे नाव ठेवायला कुणी आडवं येत नाही, कायद्याने तर नाहीच. आपल्याकडे त्रास सुरू होतो तो नाव ठेवल्यानंतर वीस-पंचवीस वर्षांनी, एखाद्या रकान्यात.

आणि खरं तर लिंग सांगण्याचं काम नावाचं नाहीच. जन्माची नोंद होते तेव्हा लिंगाचा रकाना वेगळा असतो. नाव तर नंतरही भरता येतं. म्हणजे सरकारदरबारी मूल आधी मुलगा किंवा मुलगी म्हणून नोंदलं जातं, नाव मागाहून येतं. पुढे कुठल्याही फॉर्मवर तो रकाना आहेच. मग रकाना असताना नावावरून का ओळखायचं? समोर माणूस आहे, विचारा. कागद आहे, वाचा.

आता ज्यांना वाटतं की असली नावं म्हणजे आळस, त्यांच्यासाठी एक गोष्ट. माझ्या फोनमधल्या त्या पाचपैकी तीन बायकांनी मला सांगितलंय की त्यांचं नाव जन्माच्या आधीच ठरलं होतं. घरात कुणीतरी, बहुतेक वेळा आईने किंवा आजीने, म्हटलेलं, पोरगा होऊ दे नाहीतर पोरगी, नाव किरणच. या वाक्याची किंमत बघा. ज्या राज्यात २००१ च्या जनगणनेत सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे ९१३ मुली होत्या आणि २०११ मध्ये त्या ८९४ वर आल्या, तिथलं हे वाक्य आहे. गर्भलिंग निदानाला बंदी घालणारा कायदा १९९४ चा, आणि तरी आकडा खाली गेला. त्याच २०११ मध्ये शेजारच्या साताऱ्यात जिल्हा परिषदेने 'नकुशा' नावाच्या २८५ मुलींना समारंभ करून नवी नावं दिली. नकुशा म्हणजे नको असलेली. मुलगा होईल या आशेवर बसलेल्या घरात मुलगी आली की हे नाव.

एकीकडे नकुशा, दुसरीकडे 'काहीही होऊ दे, नाव किरणच'. दोन्ही नावं आपल्याच मातीतली. पोटातल्या जिवाचं लिंग न विचारता त्याचं नाव ठरवणारी ती आजी कुठली चळवळ करत नव्हती, भाषण देत नव्हती. पण पीसीपीएनडीटीचा बोर्ड लावलेल्या कितीतरी दवाखान्यांपेक्षा तिला ते जास्त कळलेलं होतं.

म्हणून असली नावं ठेवू नका असं मी म्हणणार नाही. जरूर ठेवा. फक्त कागद सांभाळा. बातम्या करताना जेवढं कळलं तेवढं सांगतो.

एक. मतदार यादीतली आपली नोंद आजच बघा. नुसतं नाव आहे का एवढं बघून थांबू नका. लिंग, वय, नात्याचा रकाना सगळं वाचा. चूक असेल तर नमुना ८ भरा, ऑनलाइन भरता येतो नाहीतर बीएलओकडे द्या. आणि निवडणूक जाहीर व्हायची वाट बघू नका. ग्रामपंचायत, नगरपालिका, जिल्हा परिषद या निवडणुकांना वेगळी यादी बनत नाही. विधानसभेचीच यादी प्रभागाप्रमाणे फोडून वापरतात. मूळ यादीत चूक असेल तर ती खाली तशीच उतरते.

दोन. आधार. त्यावर लिंगाची दुरुस्ती साधारणपणे एकदाच करता येते, नाव दोनदा. म्हणून केंद्रावर गेलात की पावती हातात घेऊन तिथेच वाचा, घरी येऊन नव्हे. समोरच्या मुलाने स्क्रीनवर काय टाकलंय ते बोट ठेवून विचारा. तो चिडला तर चिडू द्या.

तीन. महिलांच्या योजना. २०२४ मध्ये लाडकी बहीण योजना आली तेव्हा महिन्याच्या १५०० रुपयांसाठी रांगा लागल्या आणि घराघरातले कागद पहिल्यांदा एकमेकांशी ताडून बघितले गेले. आधार एक सांगतंय, बँक दुसरं, रेशनकार्ड तिसरं. आमच्याकडे त्या दिवसांत दोन किरण आणि एक सुहास अशा तीन बायका मदतीसाठी आल्या होत्या. शेतात मजुरी करणाऱ्या बाईची दोन दिवसांची रोजी बुडते हे दुरुस्त करायला. आपण बाई आहोत हे सिद्ध करण्याचा खर्च तिच्याच पदरात.

चार. शाळेचा दाखला जपून ठेवा. लॅमिनेशन करू नका, झेरॉक्स आणि मोबाइलमध्ये फोटो ठेवा. वर सांगितलेल्या प्रकरणात शेवटी त्यानेच तारलं.

आणि जे लोक नोंदी करतात, ते ऑपरेटर, शिक्षक, ग्रामसेवक, बीएलओ, पतसंस्थेतली पोरं, त्यांना हात जोडून विनंती. तुमच्यावर कामाचा बोजा आहे, मला माहीत आहे. दिवसाला शेकडो नावं भरायची, वरून लाइट जाते, सर्व्हर झोपतो. पण किरण, सुहास, शिरीष असलं नाव आलं की दोन सेकंद थांबा. 'पतीचे नाव' लिहिलेलं असताना 'पुरुष' वर टिचकी मारू नका. संगणकाला एवढी साधी विसंगती पकडायला शिकवणं अवघड नाही. नाव भरताना पतीचा रकाना आणि पुरुष एकत्र आले तर लाल खूण दिसावी, एवढीच तर सोय हवी. जिल्ह्याच्या बैठकीत हा मुद्दा मी लेखी दिलेला आहे. उत्तर आलं की इथेच टाकीन.

बक्षीस समारंभ घेणाऱ्या मंडळांनाही सांगणं आहे. प्रमाणपत्रावर आधीच 'श्री.' छापून आणू नका. गेल्या वर्षी वक्तृत्वात पहिल्या आलेल्या मुलीच्या हातात 'श्री. किरण' असं प्रमाणपत्र पडलं. ती हसली, घरी घेऊन गेली. पुढे नोकरीच्या वेळी ते दाखवताना तिला हसू येईल का, माहीत नाही.

तुमच्या घरात, भावकीत असं दोघांना चालणारं नाव असेल तर खाली लिहा. नावामागची गोष्टही लिहा, कुणी ठेवलं, का ठेवलं. आणि लिहिण्याआधी त्यांची मतदार यादीतली नोंद बघून घ्या. चूक सापडली तर मला मेसेज करा. नमुना ८ कसा भरायचा ते रविवारी सकाळी दहा ते बारा वाचनालयात बसून फुकट सांगतो. येताना जुना शाळेचा दाखला आणा.